नातीचं नाव लुद्मिला

पत्र

माझं वय ६१. आम्ही सांगलीचे. मुलगा नोकरीसाठी चेक प्रजासत्ताकात गेला, ब्रनो शहरात असतो. सून तिथलीच. मुलगी गुणी आहे, तिच्याबद्दल माझी तक्रार नाही. तीन आठवड्यांपूर्वी त्यांना मुलगी झाली. आमची पहिली नात. गुरुजींनी पत्रिका मांडली : मघा नक्षत्र, दुसरा चरण, अक्षर ‘मी’. मी मनात मीरा हे नाव धरून बसले होते. पण परवा व्हिडिओ कॉलवर मुलानं सांगितलं, नाव लुद्मिला ठेवलंय, सुनेच्या आजीचं. मला ते नीट म्हणताही येईना. त्यात भाच्यानं मोबाइलवर शोधून सांगितलं की लुद्मिला नावाची त्यांची कुणी राणी होती आणि तिच्या सुनेनंच तिचा गळा आवळवून जीव घेतला. त्या रात्री माझा डोळ्याला डोळा लागला नाही. असं नाव घरात आणावं का? त्याला काही अर्थ आहे का? देवाचं तरी आहे का? मुलाला सांगून बदलून घेऊ का? माझं स्वतःचं नाव लग्नात बदललं तेव्हा मला कुणी विचारलं नव्हतं, मीही बोलले नाही. पुढच्या महिन्यात आम्ही तिकडे जातोय, बारसं तेव्हाच करायचं आहे.

— एक आजी, सांगली

उत्तर

ताई,

नात झाली, त्याबद्दल आधी मनापासून अभिनंदन. तुमची झोप ज्या गोष्टीनं उडवली तिच्यापासूनच सुरुवात करते. भाच्यानं खोटं सांगितलेलं नाही, पण ती गोष्ट मधूनच उचललेली आहे. अशी गोष्ट मधूनच ऐकली की भीती वाटणारच. आता ती पहिल्यापासून ऐका.

ही लुद्मिला साधारण इ. स. ८६० च्या सुमारास जन्मली. तिचा नवरा बोर्झिवोय हा बोहेमियाचा, म्हणजे आजच्या चेक देशाच्या पश्चिम भागाचा, अधिपती. प्राग ज्यांची राजधानी झाली त्या घराण्याचा तो पहिला नोंदलेला पुरुष. परंपरा सांगते की या नवराबायकोला संत मेथोडियस यांनी बाप्तिस्मा दिला. हे मेथोडियस म्हणजे भाऊ सिरिल यांच्यासह स्लाव लोकांच्या भाषेत प्रार्थना आणि धर्मग्रंथ आणणारे. पुढे लुद्मिला विधवा झाली. तिचे दोन मुलगे एकामागून एक गादीवर बसले. धाकट्याचं नाव व्रातिस्लाव, त्याची बायको द्राहोमीरा, आणि त्यांचा मुलगा वात्स्लाव. हा नातू आजीच्या हाताखाली वाढला. अक्षरं त्याला आजीनं शिकवली, प्रार्थना आजीनं शिकवल्या. प्रागच्या चार्ल्स पुलावर दुतर्फा संतांचे पुतळे आहेत, त्यांत ही आजीही आहे आणि लहानगा वात्स्लाव तिच्याजवळ आहे. तिथून येणारेजाणारे तिला खून झालेली राणी म्हणून बघत नाहीत, नातवाला वाचायला शिकवणारी आजी म्हणून बघतात.

९२१ मध्ये व्रातिस्लाव वारला. वात्स्लाव अजून वयात आला नव्हता, म्हणून कारभार द्राहोमीराच्या हाती आला. मुलाला कुणी वाढवायचं आणि राज्य कुणाच्या सल्ल्यानं चालायचं, यावरून सासूसुनांत बिनसलं. भांडण घरातलं दिसलं तरी त्याच्या मागे सत्ता होती, दरबारातले गट होते. लुद्मिला स्वतःहून बाजूला झाली आणि प्रागच्या नैर्ऋत्येला तेतीन नावाच्या गढीवर जाऊन राहिली. १५ सप्टेंबर ९२१ च्या रात्री द्राहोमीराची माणसं तिथे घुसली आणि त्यांनी तिचा गळा आवळला. तिच्या चित्रांत आणि मूर्तींत गळ्याशी किंवा हातात ओढणीसारखं वस्त्र दाखवतात, ते त्या रात्रीची खूण म्हणून. ती तेव्हा साठीची होती. तुमच्याच वयाची.

भाचा इथे थांबला असणार. पण नातू मोठा झाला, कारभार त्याच्या हातात आला, तेव्हा त्यानं आजीचे अवशेष तेतीनहून प्रागच्या किल्ल्यात आणवले आणि सेंट जॉर्जच्या चर्चमध्ये त्यांना जागा दिली. अकराशे वर्षं झाली, ती अजून तिथेच आहे. तिच्याकडे चेक भूमीची रक्षणकर्ती संत म्हणून पाहतात. तो नातू, वात्स्लाव, पुढे भावाच्या माणसांकडून मारला गेला आणि आज तोच त्या देशाचा मुख्य संत आहे. २८ सप्टेंबर हा त्याचा दिवस, त्या दिवशी देशभर सुट्टी असते. प्रागमधल्या त्याच्याच नावाच्या चौकात तो घोड्यावर बसलेला आहे आणि घोड्याच्या पायाशी चार संत आहेत. त्यांतली एक लुद्मिला.

आणखी एक गोष्ट सांगते, मला स्वतःला ती फार महत्त्वाची वाटते. चेक कॅलेंडरात जवळजवळ प्रत्येक तारखेला एक नाव छापलेलं असतं. त्या नावाच्या माणसाचा तो सण. वाढदिवसाइतका मोठा नाही, पण फुलं, चॉकलेट, ऑफिसात दोन शब्द शुभेच्छांचे, एवढं होतंच. लुद्मिला १६ सप्टेंबरला येते, नातू वात्स्लाव बारा दिवसांनी. आणि १८ जुलैला कोण येतं माहीत आहे? द्राहोमीरा. त्या सुनेचंही नाव लोकांनी टाकून दिलं नाही. तेही मुलींना ठेवतात, त्याचाही दिवस येतो. सासूसुनांचं वैर नावांतून वाहत येतं अशी त्या लोकांची समजूत असती, तर एकाच कॅलेंडरात दोघींना जागा मिळाली नसती.

आणि आपण तरी काय करतो? सीतेच्या वाट्याला काय आलं ते पोरासोरांना ठाऊक आहे, पण सीताबाई आणि जानकी आपल्या घराघरांत नांदल्या. अहिल्या शिळा होऊन पडली होती, तरी त्या नावाची मुलगी पुढे होळकरांची अहिल्याबाई झाली. आपण सोसलेल्या बाईचं नाव ठेवतो ते तिचं दुःख मुलीला यावं म्हणून नव्हे. लुद्मिलाचं तसंच समजा. अपशकुनाची शंका मनातून काढून टाका, अगदी मुळासकट.

आता अर्थ. तो फार सुंदर आहे. ‘लुद’ म्हणजे लोक, जन. ‘मिला’ म्हणजे प्रिय, लाडकी. लुद्मिला म्हणजे जनांची लाडकी. आपल्या शब्दांत जनप्रिया. चेक माणूस बाईमाणसाला पत्र लिहितो तेव्हा ‘प्रिय’च्या जागी ‘मिला’ लिहितो. आजीला ‘बाबिच्का’ म्हणतात आणि हाक मारताना ‘बाबिच्को’. म्हणजे नात उद्या शाळेत जाऊन तिच्या भाषेत तुम्हाला पत्र लिहील, तेव्हा पहिलीच ओळ असेल ‘मिला बाबिच्को’, आणि त्या पहिल्या शब्दात तिच्या स्वतःच्या नावाचा अर्धा भाग असेल.

दोन शब्द जोडून नाव करायची ही स्लाव लोकांची जुनी रीत आहे, ख्रिस्ती धर्म तिकडे पोहोचण्याच्याही आधीची. मिरोस्लाव्हा, यार्मिला, बोहुमिला, स्तानिस्लाव्हा. आपण देवदत्त, यशोधरा, चारुशीला ही नावं जशी घडवली, तशीच ती घडली. बोहुमिला म्हणजे देवाला प्रिय. त्यातला ‘बोह’, रशियनमधला ‘बोग’, आपल्या ‘भग’ आणि ‘भगवान’च्या नात्यातला शब्द मानतात. स्वेतलाना हे नाव रशियनमधल्या ‘स्वेत’ म्हणजे प्रकाशावरून आलं, आणि तो शब्द आपल्या ‘श्वेत’चा भाऊबंद. वेस्ना म्हणजे वसंत, आणि तो ‘वसंत’च्याच मुळातून आलेला. लुद्मिलातल्या ‘लुद’चंही मूळ बघा. त्याचा आदिम अर्थ ‘वाढणं’ असा धरतात. वाढलेले, फोफावलेले ते लोक. जर्मनमध्ये माणसांना ‘लॉइट’ म्हणतात ते याच मुळातून, आणि संस्कृतात वेलीला, रोपाला ‘वीरुध्’ म्हणतात त्यातला ‘रुध्’ही तोच. तुमच्या अंगणातल्या वेलीशी या नावाची इतकी जुनी सोयरीक आहे.

फक्त एक सांभाळा. बारशाला कुणीतरी उत्साहानं ‘मिला म्हणजे मिलन हो’ असं सांगेल. तसं नाही. कानाला सारखं वाटतं, पण शब्द वेगळे आहेत. खरं नातं इतकं गोड असताना ओढूनताणून दुसरं जोडायची गरज नाही.

देवाचं नाव आहे का, असं तुम्ही विचारलंत. मूळ नाव लोकांचं आहे. मग ती बाई संत झाली आणि नाव देवळात गेलं. प्रागमध्ये तिच्या नावाचं दोन उंच मनोऱ्यांचं चर्च आहे, १८८८ मध्ये बांधायला घेतलेलं. कॅथलिक तिला मानतात आणि ऑर्थोडॉक्स पंथाचे लोकही मानतात, कारण ती गेली तेव्हा हे दोन पंथ अजून वेगळे झाले नव्हते. म्हणून हे नाव चेक देशापासून पोलंड, युक्रेन, रशियापर्यंत सगळीकडे भेटतं. रशियात ल्युद्मिला म्हणतात, लाडानं ल्युदा, ल्युस्या. तुम्हाला यात देव शोधायचाच असेल तर सापडेल. पण जनांची लाडकी हा अर्थ माझ्या मते कुठल्याही देवाच्या नावाच्या शेजारी बसायच्या योग्यतेचा आहे.

तुमच्या नातीच्या वर्गात एलिश्का, तेरेझा, आना अशा मुली बहुधा जास्त असतील. लुद्मिला हे तिकडे आज्यांच्या पिढीचं नाव, आपल्याकडच्या सुमन, कुसुम, मालतीसारखं. म्हणजे तुमच्या सुनेनं फॅशन म्हणून ते उचललेलं नाही. तिला तिची आजी हवी होती. आपल्याकडे पहिल्या नातवाला आजोबांचं नाव देतात, गेलेल्या सासूचं नाव नातीला देऊन ‘आई परत आल्या’ म्हणतात. तिनं नेमकं तेच केलंय, फक्त भाषा निराळी. तुम्ही तिची आजी पाहिली नसेल, पण तिची माया तुम्हाला ओळखू यायला हवी. तुम्ही स्वतः आता आजी आहात.

म्हणून मुलाला सांगून नाव बदलून घेऊ का, या प्रश्नाला माझं उत्तर ‘नाही’ असं स्वच्छ आहे. पत्राच्या शेवटी तुम्ही एक वाक्य लिहून गेलात, तुमचं नाव लग्नात बदललं त्याचं. मला ते दृश्य दिसतं. ताटात पसरलेले तांदूळ, नवऱ्यानं अंगठीनं त्यात लिहिलेली अक्षरं, भोवती हसणारी मंडळी, आणि आपण खाली बघत ते नवं नाव पहिल्यांदा वाचतोय. आईनं वीस-बावीस वर्षं ज्या नावानं हाका मारल्या ते त्या दिवसापासून फक्त माहेरी उरलं. तुम्ही तेव्हा बोलला नाहीत आणि चाळीस वर्षांनी मला लिहिलंत. म्हणजे ते अजून दुखतंय. मग ज्या मुलीनं आपल्या आजीचं नाव जपून ठेवलं, तिच्याकडून ते काढून घ्यायला तुम्ही जाऊ नका. त्यातली कळ तुमच्याइतकी कुणाला माहीत असणार?

पत्रिकेचं म्हणाल तर तुमची अडचण खरं तर सुटलेलीच आहे. लुद्मिलाला चेक घरांत लाडानं दोन बाजूंनी तोडतात. पुढून तोडलं की लीदा, लिदुश्का. जुन्या चेकमधल्या त्या ‘ल्यु’चा पुढे ‘लि’ झाला, तो लाडाच्या नावात राहिला. मागून तोडलं की मीला. पहिलं अक्षर दीर्घ ‘मी’. मघा, दुसरा चरण! गुरुजींना हे सांगा, त्यांनाही आनंद होईल. तसंही जन्मनाव वेगळं आणि व्यवहारातलं वेगळं हे आपल्याला नवं नाही. पत्रिकेत मीरा लिहा, कुणाची हरकत नाही.

कागदोपत्रीही वाट आहे. तिथल्या कायद्यानं मुलाची दोन नावं नोंदवता येतात. लाडाची, घरगुती रूपं मात्र ते नोंदवत नाहीत, म्हणजे लिदुश्का कागदावर जाणार नाही. दुसरं नाव मीरा ठेवता आलं तर तिकडे तेही ओळखीचंच वाटेल, कारण ‘मिर’ म्हणजे स्लाव भाषांत शांतता, आणि मिरोस्लाव्हाला लाडानं मीरा म्हणतातच. नोंद आधीच झाली असेल तर हा विषय काढू नका. झाली नसेल तर एकदाच काढा, आणि तो तिकडे पोहोचून पहिलं नाव तुम्ही मोकळ्या मनानं घेतल्यावर. ‘तुम्ही लुद्मिला ठेवलं, मग आमचं मीरा घ्या’ अशा भाषेत अजिबात नको. ‘माझ्याकडूनही तिला एक नाव द्यावंसं वाटतं, तुम्हाला आवडलं तर’ एवढंच म्हणा. ते नाही म्हणाले तर पाळण्याशी तुम्ही तिला मीरा म्हणू शकता, आजीला कोण अडवणार. आडनावाला ‘ओव्हा’ जोडलेलं दिसलं तर दचकू नका, बायकांच्या आडनावांची तिकडची ती रीत आहे. २०२२ पासून ते न जोडण्याची सवलत सर्वांना मिळाली आहे. तो निर्णय आईबापांचा, त्यात तुम्ही पडू नका.

आता उच्चार. तो येत नाही म्हणून तुम्ही मनातून खट्टू आहात, पण तुम्हाला तो इंग्रजांपेक्षा चांगला येईल. इंग्रजी वळणानं ‘लुडमिला’ म्हणू नका. ‘द’ आपल्या दगडातला, दह्यातला. ‘लु’ ऱ्हस्व आणि जोर त्याच्यावरच, कारण चेक भाषेत जोर नेहमी पहिल्या अक्षरावर असतो. लुद्, मिला. सकाळी देवपूजा झाली की पाचदा म्हणा, आठवड्यात जीभ वळेल. आणि हाक मारताना नाव बदलतं : लुद्मिलो, मीलो. आपण गंगेला ‘गंगे’ आणि सीतेला ‘सीते’ म्हणून हाक मारतो, तसंच. हा ओकार सुनेच्या कानावर तुमच्या तोंडून पडेल तेव्हा तिचा चेहरा बघा.

बारसं मात्र आपल्या पद्धतीनं जोरात करा. त्यासाठी मन मारायचं कारण नाही. भाड्याच्या घरात पाळणा टांगता येत नसेल तर झोळी किंवा त्यांचा जमिनीवर ठेवायचा लाकडी पाळणा चालेल. घुगऱ्या करा. ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ म्हणत बाळ पाळण्याखालून-वरून द्यायचं तेव्हा एका बाजूला तुम्ही आणि दुसऱ्या बाजूला सुनेची आई अशा उभ्या राहा. त्या बाईंना शब्द कळणार नाहीत, पण बाळ हातात घ्यायला शब्द लागत नाहीत. कानात नाव सांगायचा मान आत्याचा. तुमची मुलगी तिकडे जाणार नसेल तर तो मान तिच्या वतीनं तुम्ही घ्या. कुर्रर्र करून बाळाच्या कानात ‘लुद्मिला’ तुमच्या तोंडून जाऊ द्या.

जायच्या आधी एक फोन मात्र करा, मुलाला नाही, सुनेला. मुलानं नाव सांगितलं तेव्हा तुम्ही गप्प झालात, ते तिनं पडद्यावर पाहिलं असणार आणि तीन आठवड्यांची बाळंतीण तेव्हापासून मनात काय काय घोळवत असेल. तिला तिच्या आजीबद्दल विचारा. ती कुठल्या गावची, काय रांधायची, हिला कशानं झोपवायची. आणि तिचा एखादा फोटो असला तर बारशाला पाळण्याजवळ मांडायला काढून ठेव म्हणा. हळदकुंकू लावलं तर चालेल का, तेही विचारून घ्या.